गॅली आणि गलबत

‘गॅली’ हा शब्द इंग्रजीत इसवी सन १३०० च्या सुमारापासून लिहिलेला सापडतो. आज विमानात बसणाऱ्याला तो शेवटच्या रांगेमागच्या चिंचोळ्या स्वयंपाकघराचे नाव म्हणून भेटतो. खिळ्यांच्या छपाईच्या काळात वाढलेल्या लेखकाला गॅली म्हटले की लांब कागदी पट्टीवरचे प्रूफ आठवते. इतिहासाच्या वाचकाला मात्र वल्ह्यांच्या रांगांनी चालणारे लांबट, बुटके लढाऊ जहाज दिसते, आणि हाच अर्थ सर्वांत जुना. या शब्दाची एक फांदी पोर्तुगीजांबरोबर हिंदी महासागरात आली आणि कोकण किनाऱ्यावर रुजली. तिथे तिच्यापासून जो मराठी शब्द झाला असे बहुतेक अभ्यासक मानतात, तो म्हणजे ‘गलबत’. पुढे मराठीतला तो शब्द पुन्हा इंग्रजीत गेला. विजयदुर्ग, देवगड, मालवण या बंदरांशिवाय ही हकिगत पुरी होत नाही.

शब्दाचे मूळ मध्ययुगीन ग्रीकमधल्या ‘गालेआ’ या रूपापर्यंत नेता येते. बायझंटाइन साम्राज्याच्या आरमारातल्या हलक्या, चपळ जहाजाला हे नाव होते. त्यामागचा मूळ अर्थ काय, याबद्दल एकमत नाही. काहींनी तो माशाच्या एका ग्रीक नावाशी जोडला आहे, पण तो तर्कच आहे. ग्रीकमधून शब्द लॅटिनमध्ये, तिथून जुन्या फ्रेंचमध्ये आणि फ्रेंचमधून इंग्रजीत आला. भूमध्य समुद्रात वारा पडला की शिडाचे जहाज जागच्या जागी डोलत राहते. वल्ह्यांचे जहाज वाऱ्याची वाट पाहत नाही, म्हणून तिथल्या लढाया शतकानुशतके गॅलींनीच लढल्या. १५७१ सालच्या लेपांटोच्या लढाईत दोन्ही बाजूंच्या मिळून चारशेहून अधिक गॅली आणि त्यांच्या जातीची जहाजे समोरासमोर आली होती.

वल्ही ओढायला माणसे लागतात, आणि इतके जिवावरचे काम राजीखुशीने करणारे कमी. म्हणून युद्धकैदी, गुलाम आणि शिक्षा झालेले गुन्हेगार बाकांना साखळीने बांधले जाऊ लागले. शब्दाचा अर्थ बदलण्याची ही पहिली मोठी पायरी होती. ‘गॅलीवर पाठवणे’ म्हणजे सक्तमजुरीची शिक्षा देणे, असा अर्थ युरोपच्या अनेक भाषांत रूढ झाला. पोर्तुगीजमध्ये ‘गालेस’ हा शब्द तर जहाज सोडून शिक्षेचेच नाव बनला. गोव्याच्या इन्क्विझिशनने शार्ल देलाँ या फ्रेंच वैद्याला १६७६ साली पाच वर्षे पोर्तुगालच्या गॅलींवर राबण्याची शिक्षा दिली. सुटकेनंतर, १६८७ साली, त्याने आपले अनुभव छापून प्रसिद्ध केले आणि युरोपभर खळबळ उडाली.

मूळ शब्दाला मुलेबाळे पुष्कळ झाली. मोठे, उंच, शिडांवर चालणारे ते ‘गॅलियन’ आणि लहान गॅली ती पोर्तुगीजांची ‘गालेओता’. कोकणाच्या दृष्टीने महत्त्वाची ठरली ती ही शेवटची. १४९८ साली वास्को द गामा कालिकतला पोचला, १५१० साली पोर्तुगीजांनी गोवा घेतले. त्यांची समुद्र ओलांडून येणारी प्रचंड जहाजे उघड्या पाण्यात अजिंक्य होती, पण कोकणच्या खाड्यांपुढे त्यांचे काही चालेना. आचऱ्याची खाडी, कर्लीची, अशा कित्येकांची मुखे रेतीच्या बांधांनी आणि खडकांनी अडवलेली. मालवणच्या बंदरात तर पाण्याखालचे खडक असे पसरले आहेत की वाट माहीत असलेला तांडेलच नाव सुखरूप आत नेऊ शकतो. अशा पाण्यात तळ उथळ असलेली, वारा नसला तरी वल्ह्यांवर पळणारी नावच उपयोगाची. पोर्तुगीजांनी गालेओता आणि तसल्याच इतर हलक्या नावा किनाऱ्याच्या गस्तीला लावल्या आणि त्यांच्याबरोबर ते नाव बंदराबंदरांत ऐकू येऊ लागले.

‘गालेओता’चे ‘गलबत’ कसे झाले असेल, हे तोंडाने म्हणून पाहिले तर कळते. मधला ‘एओ’ हा जोडस्वर मराठी जिभेला परका. तो आखडून तिथे ‘व’ येतो, ‘व’चा ‘ब’ होतो, शेवटचा स्वर गळतो. नाव किंवा होडी स्त्रीलिंगी असली तरी हा शब्द जहाजाच्या ओळीत बसून नपुंसकलिंगी झाला. ही व्युत्पत्ती सर्वांना मान्य आहे असे नाही. तांबड्या समुद्रातल्या नावांना अरबीत ‘जलबा’ असे नाव होते, त्याच्याशीही गलबताचा संबंध जोडला गेला आहे. दोन्ही शब्द एकाच समुद्रावर एकाच काळी फिरत होते, त्यामुळे दोघांचे सूर एकमेकांत मिसळले असणेही शक्य आहे. ‘गलबला’शी मात्र गलबताचे काही नाते नाही. तो गलक्याचा आवाज दाखवणारा शब्द आहे.

शब्द बाहेरून आला म्हणून नाव बांधण्याची विद्याही बाहेरून आली, असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. याचा उत्तम पुरावा पोर्तुगीज भाषेतच आहे. हिंदुस्थानातल्या पोर्तुगीज कागदपत्रांत ‘सांगिसेल’ नावाच्या लढाऊ होडीचा उल्लेख वारंवार येतो. हे नाव संगमेश्वरावरून पडले. पोर्तुगीज त्या गावाला आणि तिथल्या नदीला ‘सांगिसेर’ म्हणत आणि तिथे बांधल्या जाणाऱ्या होड्या त्यांनी स्वतःच्या आरमारात घेतल्या. म्हणजे पोर्तुगीजांनी कोकणाला गालेओता दिली, तर कोकणाने पोर्तुगीजांना सांगिसेल दिली. १६५९ च्या सुमाराला शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडीकडे लढाऊ नावा बांधायला काढल्या, तेव्हा पोर्तुगीज कागदांत त्यांचा उल्लेख सांगिसेल असाच आहे. त्या कामावर रुई लैतांव व्हिएगश हा पोर्तुगीज आणि त्याच्या हाताखालची माणसे होती. आज ना उद्या हे आरमार आपल्याच अंगावर येईल, हे वसईच्या पोर्तुगीज अधिकाऱ्यांनी ओळखले आणि त्या माणसांना काम सोडून निघून यायला लावले. काम थांबले नाही. २५ नोव्हेंबर १६६४ रोजी मालवणसमोरच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाच्या बांधकामाचा मुहूर्त झाला आणि पुढच्या तीन वर्षांत मराठी आरमाराला आपले घर मिळाले.

कृष्णाजी अनंत सभासदाने राजाराम महाराजांच्या काळात जिंजीला बखर लिहिली. महाराजांच्या आरमारातल्या जहाजांचे प्रकार सांगताना तो गुराबा, तरांडी, शिबाडे यांच्या रांगेतच गलबतांचे नाव घेतो. दर्यासारंग आणि मायनाक भंडारी हे आरमाराचे दोन सुभेदार त्याच ठिकाणी येतात. सभासद गलबत म्हणजे काय ते समजावून सांगत नाही, त्याला तशी गरज वाटत नाही. पोर्तुगीज गोव्याला येऊन दोनशे वर्षेही झाली नव्हती, तोवर शब्द पूर्ण मराठी झाला होता. ‘आरमार’ हा शब्दही तसाच, पोर्तुगीज ‘आर्मादा’वरून आलेला, आणि त्याचेही परकेपण आज कुणाला जाणवत नाही.

गलबताचा जोडीदार गुराब. अरबीत ‘घुराब’ म्हणजे कावळा, आणि त्याच नावाची जहाजाची एक जात. मराठीत तिची गुराब झाली आणि इंग्रजांनी तिला ‘ग्रॅब’ म्हटले. इंग्रजीत ‘ग्रॅब’ हे हिसकावून घेणे या अर्थाचे क्रियापद आधीपासून होते. ते उत्तर युरोपातल्या भाषांकडून आलेले, जहाजाशी त्याचा संबंध नाही. पण आपली जहाजे पकडणाऱ्या जहाजाला नेमके तेच नाव मिळावे, हा योगायोग इंग्रज खलाशाच्या कानाला चांगलाच बोचला असणार. १७१५ च्या सुमाराला रामचंद्रपंत अमात्यांनी लिहिलेल्या आज्ञापत्रात आरमाराचे स्वतंत्र प्रकरण आहे. त्यात पाच गुराबा आणि पंधरा गलबते मिळून एक सुभा करावा असे प्रमाण दिले आहे, आणि गुराबा अवाढव्य न बांधता मध्यम बांधाव्यात असे बजावले आहे. हे प्रमाण अनुभवातून आलेले आहे. गुराब तोफा वाहते, गलबत माणसे वाहते, आणि एकाशिवाय दुसरे निम्मे निकामी.

या नावा प्रत्यक्षात कशा होत्या, हे सर्वांत बारकाईने लिहून ठेवले ते शत्रुपक्षाच्या माणसाने. ईस्ट इंडिया कंपनीच्या लढायांचा इतिहासकार रॉबर्ट ऑर्म याने १७६३ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात मराठी आरमाराची धुरा वाहणाऱ्या आंग्रे घराण्याच्या जहाजांचे वर्णन आहे. गुराबेला दोन किंवा तीन डोलकाठ्या. तीन डोलकाठ्यांची गुराब सुमारे ३०० टनांची, दोनांची फार तर १५० टनांची. लांबीच्या मानाने रुंदी बरीच आणि पाण्यात बुडणारा भाग थोडा. पुढे नाळ चोचीसारखी निघालेली. समोरून लाट आली की गुराब फार आपटे, म्हणून नाळेवरच्या फळ्यांना कठडा ठेवत नसत. पाणी चढले की दोन्ही अंगांनी वाहून जाई. नाळेच्या मागे फळ्यांची आडभिंत, तिच्यात भोके, आणि त्या भोकांतून पुढे रोखलेल्या नऊ किंवा बारा पौंडी गोळ्यांच्या दोन तोफा.

गलबत याच घडणीचे, पण लहान. मोठ्यात मोठे गलबतही ७० टनांच्या वर क्वचितच जाई. दोन डोलकाठ्या, त्यांतली मागची बारीक. पुढच्या काठीवर एकच प्रचंड तिकोनी शीड, आणि ते चढवले की त्याचे टोक डोलकाठीच्याही पुष्कळ वर जाई. लहान गलबतांचा वरचा तक्ता चिरलेल्या बांबूंचा करत, कारण फळ्यांचे वजन नको. त्यावर मोठी तोफ पेलत नाही, म्हणून काठावर फिरत्या खुंट्यांच्या लहान तोफा बसवत. मोठ्या गलबतांना पक्का तक्ता आणि दोन ते चार पौंडी गोळ्यांच्या सहा-आठ तोफा. वल्ही चाळीस-पन्नास, आणि वेग तासाला चार मैल. बांबूचा हा तक्ता भूमध्य समुद्रातल्या गॅलीवर कुठे दिसला नसता. तो कोकणातल्या कारागिराने हाताशी असलेल्या मालातून काढलेला उपाय आहे, आणि गालेओतेचे गलबत केवळ तोंडात झाले नाही हे त्यावरून दिसते.

लढण्याची रीत या दोन नावांच्या जोडीवर उभी होती. वारा पडला की गलबते वल्ही मारत गुराबांना ओढून नेत. शत्रूच्या जहाजाच्या बाजूला तोफांची रांग असते, मागे तोफा कमी. म्हणून सगळे जण त्याच्या पिछाडीला जमत आणि आधी त्याच्या डोलकाठ्यांवर मारा करत. काठी मोडून जहाज लुळे पडले की गुराबा जवळ जात. तरीही ते शरण आले नाही, तर माणसांनी खच्चून भरलेली गलबते एकाच वेळी सर्व बाजूंनी भिडत आणि लोक तलवारी उपसून वर चढत. ऑर्मच्या हिशेबाने आठ-दहा गुराबा आणि चाळीस-पन्नास गलबते हे आंग्र्यांचे मुख्य आरमार.

इंग्रजांनी हा शब्द लिहिताना अक्षरशः हवे तसे लिहिले. गॅलिव्हॅट, गॅलेव्हॅट, गॅलीवॉट अशी रूपे एकाच काळात आढळतात. १७१७ पासून कंपनीच्या कान्होजी आंग्र्यांवरील मोहिमांत भाग घेतलेला क्लेमंट डाउनिंग याचे पुस्तक १७३७ साली लंडनला निघाले. गलबत पाहिलेच नाही अशा वाचकासाठी त्याने थेम्स नदीवर ग्रेव्हसेंडकडे जाणाऱ्या छपराच्या उतारू बोटींची उपमा दिली, आणि वर सहा लहान तोफा, साठ हत्यारबंद माणसे आणि तीस-चाळीस वल्ही असतात अशी भर घातली. अशा लिखाणातून इंग्रजीत शब्दाला जो रंग चढला तो चाचेगिरीचा. गलबत म्हणजे चाच्यांची नाव. हा अर्थ अन्यायाचा आहे. कान्होजी आंग्रे हे छत्रपतींचे सरखेल, म्हणजे आरमारप्रमुख, होते. त्यांच्या पाण्यातून जाणाऱ्या जहाजाने त्यांचे दस्तक घ्यावे ही त्यांची मागणी, आणि नेमका हाच नियम पोर्तुगीजांनी दीडदोनशे वर्षे परवान्यांच्या जोरावर चालवला होता. शिवाय ज्या नावेला चाच्यांची म्हणून हिणवले, तसलीच गलबते मुंबईत कंपनीच्या स्वतःच्या आरमारात होती. किनाऱ्याजवळ दुसरे काही कामाचे नव्हते.

मालवणच्या नावाचेही तेच झाले. करवीर छत्रपतींचे आरमार सिंधुदुर्गाच्या आश्रयाने वावरत असे. इंग्रजांनी गावाच्या नावावरून त्या लोकांना ‘मालवान’ म्हणायला सुरुवात केली, आणि कंपनीच्या कागदांत मालवान म्हणजे समुद्री लुटारू असा अर्थ बसला. १७६५ साली इंग्रजांनी सिंधुदुर्ग जिंकला आणि त्याला ‘फोर्ट ऑगस्टस’ असे नाव दिले. पुढच्याच वर्षी करवीरच्या जिजाबाईंशी तह होऊन किल्ला परत गेला, आणि ते नावही गेले.

इंग्रजी जहाजावर किनाऱ्याशी जा-ये करायला एक लहान होडी ठेवतात, तिला ‘जॉली-बोट’ म्हणतात. हेन्री यूल आणि आर्थर बर्नेल यांचा ‘हॉब्सन-जॉब्सन’ हा कोश १८८६ साली निघाला. त्यात गलबताच्या इंग्रजी रूपावर सविस्तर टिपण आहे, आणि त्याचा सूर असा की गॅलिव्हॅट हीच जॉली-बोटीची आई. कोकणी माणसाला हे वाचून आनंद वाटेल. पण काळाचा हिशेब जुळत नाही. इंग्लंडच्या राजाच्या जहाजांच्या पंधराव्या शतकाच्या अखेरच्या हिशेबांतच ‘जॉलीवॉट’सारखे रूप आलेले आहे, आणि तेव्हा पोर्तुगीजही हिंदुस्थानात पोचले नव्हते. गलबत आणि जॉली-बोट यांना मायलेकी न मानता, फार तर एकाच गॅलीच्या घराण्यातली लांबची भावंडे मानणे जास्त सयुक्तिक. डॅनिश आणि डच भाषांतल्या ‘योल’ या होडीशीही जॉली-बोटीचा संबंध लावला जातो.

गलबताचे लढाऊ दिवस ओसरले ते अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसन आणि क्लाइव्ह या इंग्रज सेनानींनी आंग्र्यांच्या विजयदुर्गावर मारा केला, तेव्हा बंदरात नांगरलेल्या एका जहाजावर तोफगोळा पडून आग लागली. ते जहाज आंग्र्यांनी काही वर्षांपूर्वी इंग्रजांकडूनच घेतलेले ‘रिस्टोरेशन’. तिथून आग पसरत गेली आणि सगळे आरमार त्या एका दिवसात जळाले. आंग्र्यांना मोडायला पेशव्यांनी इंग्रजांशी हात मिळवला होता, आणि मराठी सागरी इतिहासातली ही चूक भरून निघाली नाही. पेशव्यांचे आरमार आनंदराव धुळपांच्या हाताखाली विजयदुर्गावरच राहिले. एप्रिल १७८३ मध्ये त्याने ‘रेंजर’ हे इंग्रजी जहाज लढून पकडलेही. पण १८१२ साली करवीरकरांकडून मालवण इंग्रजांकडे गेले, १८१८ साली पेशवाई संपली आणि किनाऱ्यावर गलबते ठेवून लढणारे कुणी उरले नाही. इंग्रजीतला गॅलिव्हॅट त्याबरोबरच वापरातून गेला. आता तो जुन्या कागदांत आणि कोशांतच भेटतो.

मराठीतले गलबत मात्र जगले, ते धंदा बदलून. वल्ही आणि तोफा गेल्या, शीड आणि पोट राहिले. एकोणिसाव्या शतकात गलबत म्हणजे माल वाहणारे शिडाचे जहाज. नारळी पौर्णिमेला दर्याला नारळ वाहिला की किनाऱ्याची वाहतूक सुरू होई आणि पावसाळा तोंडावर आला की नावा वर ओढल्या जात. वरकड मालाबरोबर मंगळुरी कौले हा मोठा जिन्नस होता. मंगळुरात १८६५ पासून कारखान्यात कौले होऊ लागली, आणि कोकणातल्या कित्येक घरांच्या छपरांवर ती समुद्रमार्गेच आली. देवगड बंदरातून घाटावर चढणारी वाट शिरगाव, नांदगाव, फोंडाघाट अशी जाते. उतरलेला माल बैलांच्या पाठीवर आणि पुढे गाड्यांतून याच बाजूने कोल्हापूरकडे सरके. गलबताचा शब्द समुद्र न पाहिलेल्या घाटावरच्या बाजारपेठांत पोचला तो मालाबरोबर.

मग आगबोट आली. हा शब्द अर्धा आपला आणि अर्धा इंग्रजीचा. आगबोट खडकांमुळे मालवणला दूर उभी राही आणि उतारूंना पडावातून किनाऱ्याला आणत. पुढे सडक झाली, ट्रक आले, आणि १९९८ च्या जानेवारीत कोकण रेल्वे संपूर्ण मार्गावर धावू लागली. देवगडचा हापूस आज नांदगाव तिठ्यावर महामार्गाला लागतो आणि ट्रकने मुंबई गाठतो. तिठ्यापासून जवळच ‘नांदगाव रोड’ स्थानक आहे.

मूळ इंग्रजी शब्दाने दरम्यान वेगळ्याच वाटा धरल्या होत्या. अठराव्या शतकाच्या मध्यापासून जहाजावरच्या स्वयंपाकाच्या जागेला गॅली म्हणू लागले, आणि त्या अर्थाने तो शब्द आगबोटींवर कोकणी माणसाला परत भेटला. रत्नागिरी जिल्ह्यातून, ज्याचा दक्षिण भाग १९८१ साली सिंधुदुर्ग जिल्हा झाला, पिढ्यान् पिढ्या लोक बोटींवर नोकरीला गेले. तिथे सारंग, टिंडेल, खलाशी ही जुनी नावे चालू राहिली, आणि खलाशांसाठी रांधणाऱ्याला ‘भंडारी’ म्हणत. त्या नावाचे मूळ भांडार, म्हणजे कोठार. गॅलीत भंडारी उभा राहून भात रांधतो, हे वाक्य गेल्या शतकातल्या कित्येक मालवाहू बोटींवर खरे ठरले असते.

दुसरी वाट छापखान्याची. फ्रेंचमध्ये जुळवलेले खिळे ठेवण्याच्या तबकाला गॅलीचेच नाव होते आणि सतराव्या शतकाच्या मध्याला ते इंग्रजीत आले. तबक लांब, अरुंद, तीन बाजूंना काठ असलेले, म्हणजे आकाराने गॅलीसारखेच. जुळारी हातातल्या पट्टीत एक एक खिळा बसवून ओळी पुऱ्या करी, त्या गॅलीत सरकवी, भरल्यावर सुतळीने आवळून बांधी, वर शाईचा रूळ फिरवी आणि कागदाची लांब पट्टी दाबून छाप घेई. तेच गॅली प्रूफ. पोर्तुगीजांनी १५५६ साली गोव्यात छापखाना आणला होता, तरी मराठीत हा शब्द आला तो इंग्रजीतून, एकोणिसाव्या शतकातल्या मुंबईच्या छापखान्यांच्या वाटेने. जावजी दादाजींचा निर्णयसागर १८६९ साली सुरू झाला. अशा छापखान्यांतून गॅली हा मराठी प्रूफ वाचणाऱ्यांच्या बोलण्यातला शब्द झाला. ऑफसेट छपाई आली आणि खिळे वितळवले गेले, त्यानंतरही काही संपादक पहिल्या छापाला गॅलीच म्हणत राहिले.

मालवणच्या धक्क्यावरून आज सिंधुदुर्गाकडे जाणारी नाव होडी असते किंवा बोट असते. मासेमारीला ट्रॉलर जातात. गलबत बोलण्यातून गेले आहे. गोष्टींच्या पुस्तकांत आणि इतिहासाच्या धड्यांत ते अजून आहे, पण तिथे ते कोणत्याही शिडाच्या जहाजाचे नाव झाले आहे. चाळीस वल्ही, चिरलेल्या बांबूंचा तक्ता आणि डोलकाठीच्या वर चढणारे एकच तिकोनी शीड हा त्याचा नेमका अर्थ आता जुन्या लिखाणातूनच शोधावा लागतो.